‘सैराट’मधला संसार

एखाद्या गावात मुलीच्या घरच्यांनी तिचा किंवा तिच्या नवऱ्याचा जीव घेतला, की बातमीच्या मथळ्यात ‘सैराट’ हा शब्द हमखास सापडतो. ‘सैराट’ची पुनरावृत्ती, पुन्हा एक ‘सैराट’, अमुक तालुक्यात ‘सैराट’. या शब्दाचा मूळ अर्थ मोकाट, बेभान सुटलेलं. नागराज मंजुळे यांचा सिनेमा २९ एप्रिल २०१६ ला आला, आणि बघता बघता हा मोकळं सुटण्याचा शब्द खुनाचं टोपणनाव होऊन बसला.

सिनेमा १७४ मिनिटांचा आहे. त्यातला खून शेवटच्या काही मिनिटांत येतो आणि तोही पडद्यावर घडताना दिसत नाही. त्याआधी आलेले पाहुणे दिसतात, चहा दिसतो. नंतर रडत बाहेर पडणारं लहान पोर दिसतं. म्हणजे दिग्दर्शकाने जे दाखवायचं टाळलं, तेच आपण सिनेमाचं नाव करून टाकलं. आणि जे त्याने तब्येतीने, वेळ घेऊन दाखवलं, त्याबद्दल प्रेक्षकांचं मत ठरलेलं होतं: इंटरव्हलनंतर पिक्चर जरा स्लो होतो.

हा ‘स्लो’ भाग म्हणजे हैदराबाद. दोन वेगळ्या घरांतून, वेगळ्या जातींतून आलेली दोन पोरं एका झोपडीत राहायला शिकतात, तो भाग. अशा जोडप्यांच्या गोष्टीत आपल्याला पळून जाणं कळतं आणि शेवट कळतो. या दोन टोकांमध्ये जे घर असतं ते गोष्ट म्हणून वाचायची सवय आपल्याला नाही. माझं म्हणणं असं, की त्या घरातच ‘सैराट’चा खरा सिनेमा आहे, आणि त्याची खरी चूकही तिथेच आहे. हे नीट कळण्यासाठी सिनेमासोबत एक मराठी नाटक आणि दोन आत्मचरित्रंही शेजारी ठेवून पाहायला हवीत.

झोपडी नंबर अमुक

गावातली आर्ची सगळ्यांच्या लक्षात आहे. ती बुलेट चालवते, ट्रॅक्टर चालवते, विहिरीत पोहणाऱ्या पोरांना हुकूम सोडते. तिचं धाडस आपल्याला आवडतं, पण त्या धाडसाला जमीन आहे, आणि ती जमीन पाटलांची आहे. पोलीस स्टेशनात ती तक्रारीचा कागद फाडते तेव्हा ती स्वतःच्या हिमतीवर फाडते हे खरंच. पण आजवर कुणी तिला अडवलेलं नाही, ही सवयही त्या हातात आहे. परश्या मासेमारी करणाऱ्या घरातला. तो हुशार आहे, पोहतो झकास, क्रिकेट खेळतो, पण मोठ्या माणसांपुढे मान खाली घालायची हे त्याला कुणी शिकवावं लागलेलं नाही.

हैदराबादला आल्यावर हे दोन्ही हिशोब उलटतात. पहिल्याच रात्री मदतीच्या नावाखाली आलेली माणसं अंगावर येतात. तिथून त्यांना सोडवणारी सुमनअक्का डोशाची गाडी चालवते, आणि तीच त्यांना वस्तीत एक झोपडी देते. आता आर्चीला वास सहन होत नाही. संडास सहन होत नाही. झोप येत नाही. परश्याला हे सगळं जड जात नाही असं नाही, पण त्याला ते अनोळखी नाही. वेगळ्या जातीचं असणं म्हणजे नेमकं काय, याचं इतकं साधं चित्रण मराठी सिनेमात क्वचितच आलं असेल. इथे जातीवर कुणी भाषण करत नाही. कुणाचं शरीर कशाला सरावलेलं आहे, एवढंच कॅमेरा बघतो. एकाची रोजची गोष्ट दुसरीची शिक्षा होते.

मग कामं येतात. परश्या अक्काच्या गाडीवर डोसे घालायला लागतो. आर्ची बाटल्या भरण्याच्या कारखान्यात लागते, हळूहळू तेलुगू शिकते. पैसे येतात, थोडं सामान येतं, सिनेमाला जाणं होतं. हा भाग ‘स्लो’ वाटतो कारण यात पुढे काय होईल अशी धास्ती नाही. धास्ती अधूनमधून कॅमेरा गावाकडे वळतो तेव्हा असते. तिथे आर्चीच्या वडिलांचं राजकारण घसरतं आणि परश्याच्या बापाला जातपंचायतीपुढे उभं राहावं लागतं. पोरांच्या संसाराची किंमत दोन्ही घरं भरतात, पण सारखी भरत नाहीत. पाटलाची प्रतिष्ठा जाते. परश्याच्या घरच्यांचं राहतं गाव सुटतं.

आणि मग तो प्रसंग. आर्ची कामावर कुणाशी तरी मोकळेपणाने बोलते, फोनवर बोलते, परश्याच्या डोक्यात संशय शिरतो आणि तो तिच्यावर हात उचलतो. बऱ्याच प्रेक्षकांना हे खटकलं. आपला लाजरा, प्रेमळ परश्या असं कसं करेल? पण सिनेमाचं सगळ्यात धारदार निरीक्षण इथेच आहे. गावात आर्ची जातीने वर होती, म्हणून तिच्या बाई असण्याचा मुद्दा परश्यापुढे कधी आलाच नाही. हैदराबादच्या वस्तीत दोघांचीही जात कुणाला माहीत नाही. ती गप्प झाल्यावर मागे काय उरतं? एक पुरुष आणि एक बाई. ज्याला गावात मान वर करता येत नव्हती, त्याला या झोपडीत पहिल्यांदा कुणावर तरी हक्क मिळतो, आणि तो हक्क कसा वापरायचा हे त्याने आजूबाजूच्या पुरुषांकडून आधीच शिकलेलं असतं. जात मोडून बाहेर पडलेला मुलगा नवरेपणा सोबत घेऊन आलेला आहे. हे दाखवण्याची हिंमत मंजुळे यांनी केली, आणि तीही आपण ज्याच्यावर जीव लावला त्याच पोराच्या हातून.

पण यानंतर सिनेमा घाई करतो. आर्ची घर सोडते, स्टेशन गाठते, गावाकडे निघते. इकडे परश्या फास लावून घ्यायच्या बेतात आहे. ती परत येते. पुढच्या टप्प्यात दोघं रजिस्ट्रार कचेरीत लग्न करतात. मधला दिवस कुठे आहे? मार खाल्लेली मुलगी आणि मारलेला मुलगा दुसऱ्या दिवशी सकाळी एकमेकांशी काय बोलले? पुन्हा हात उचलणार नाही असं त्याने म्हटलं का, आणि तिने त्यावर विश्वास का ठेवला? सिनेमाने इथे परश्याचा जीव टांगणीला लावून प्रश्नच बदलून टाकला. आर्चीच्या गालावरून आपली नजर परश्याच्या गळ्याकडे जाते. तो वाचला याच्या आनंदात ती का परतली हे विचारायचं राहून जातं.

तरी एक गोष्ट फार मोलाची आहे. या गोष्टीत लग्न पळून गेल्यावर लगेच होत नाही. आधी घर होतं, भांडण होतं, एकीने निघून जाऊन बघितलेलं असतं, आणि मग सही होते. जाण्याचा रस्ता मोकळा असताना ती राहते. बांधिलकी या जड शब्दाचा याहून सोपा अर्थ मला तरी माहीत नाही.

वडिलांच्या दिवाणखान्यातून

‘सैराट’च्या ३३ वर्षं आधी, १९८३ साली, विजय तेंडुलकर यांचं ‘कन्यादान’ आलं. समाजवादी आमदार नाथ देवळालीकर, समाजकार्य करणारी त्यांची पत्नी सेवा, आणि त्यांची मुलगी ज्योती. ज्योती अरुण आठवले या दलित कवीशी लग्न करायचं ठरवते. नाथ हरखून जातात. आपल्या घरातून जात मोडली जाणार! पुढे अरुण ज्योतीला मारतो, त्याचं लेखन गाजतं, नाथांचा आदर्शवाद तुकड्यातुकड्यांनी कोसळतो, आणि शेवटी ज्योती वडिलांचं घर तोडून निघते.

या नाटकावर दलित वाचकांनी आणि समीक्षकांनी तेव्हाच आक्षेप घेतला. दलित तरुण म्हणजे मारझोड करणारा, दारू पिणारा, लबाड, एवढंच का दाखवलं? नाटकाच्या बाजूचे लोक म्हणाले, तेंडुलकरांचं लक्ष्य अरुण नसून नाथ आहेत. पुढे १९९३ चा सरस्वती सन्मान याच नाटकाला मिळाला. दोन्ही बाजूंचा हा वाद जुना आहे आणि अजून मिटलेला नाही.

मला त्यात एक साधी गोष्ट घालावीशी वाटते: नाटक घडतं कुठे ते बघा. सगळं देवळालीकरांच्या घरात घडतं. ज्योती आणि अरुण जिथे राहतात ती जागा रंगमंचावर येत नाही. तिथे काय शिजतं, भाडं कोण भरतं, सकाळी आधी कोण उठतं, दोघं कधी हसतात का, यातलं काही आपल्याला कळत नाही. त्यांच्या संसाराबद्दल जे कळतं ते बातमी होऊन येतं. ज्योतीच्या अंगावरच्या खुणा, दारूच्या नशेत माफी मागायला आलेला अरुण, आईची काळजी. अरुणला आपण फक्त जावई म्हणून बघतो, आणि सासरच्या दिवाणखान्यात कोणताही माणूस नीट दिसत नाही. दलित जावई तर नाहीच दिसत.

नाटकाचं नावच सांगतं की गोष्ट देणाऱ्याची आहे. तेंडुलकरांना हे पक्कं ठाऊक होतं. मुलीच्या आयुष्याचा प्रयोग करणाऱ्या बापाला त्यांनी सोडलेलं नाही. पण प्रयोगावर टीका करणारं नाटकसुद्धा प्रयोगशाळेतच बसून राहिलं. त्यामुळे प्रेक्षक घरी जाताना एकच निष्कर्ष घेऊन जाऊ शकतो: असली लग्नं टिकत नाहीत. ‘सैराट’ची झोपडी इथे किती मोठं काम करते ते कळतं. परश्याही मारतो, अरुणही मारतो. पण परश्याला आपण डोसे घालताना बघितलंय, बायकोसाठी धडपडताना बघितलंय. म्हणून त्याचा हात उठतो तेव्हा आपण ‘त्यांच्यात असंच असतं’ म्हणून सुटू शकत नाही. प्रश्न आपल्या सगळ्यांच्या घरात येऊन पडतो.

आतून लिहिलेली घरं

‘कन्यादान’नंतर वर्षभरात, १९८४ साली, मलिका अमर शेख यांचं ‘मला उद्ध्वस्त व्हायचंय’ प्रसिद्ध झालं. शाहीर अमर शेख यांची ही मुलगी. वडील मुसलमान, आई हिंदू, घरात कम्युनिस्ट चळवळ आणि गाणी. लग्न केलं ते दलित पँथरचे संस्थापक, ‘गोलपिठा’चे कवी नामदेव ढसाळ यांच्याशी. तेंडुलकरांनी जे घर रंगमंचाबाहेर ठेवलं, त्या प्रकारच्या घराच्या आतून हे पुस्तक लिहिलेलं आहे.

आणि आतून बघितल्यावर चित्र बदलतं. मारझोड इथेही आहे, दारू आहे, आजारपण आहे, पैशांची ओढाताण आहे, पोटचं मूल आहे. पण माझ्या वाचनात तरी या पुस्तकातला राग नवऱ्याच्या जातीवर कुठेच वळत नाही. तो चळवळीत समतेबद्दल बोलून घरी येणाऱ्या नवरेपणावर आहे. लिहिणारी बाई कुणाच्या प्रयोगातली वस्तू नाही. ती स्वतः कवी आहे, प्रेम तिने केलं, रागही तिचाच. त्यामुळे हे पुस्तक आंतरजातीय लग्नाविरुद्धचा पुरावा म्हणून कुणाला वापरता येत नाही. रोजच्या प्रेमाबद्दल लिहायचं म्हणजे गोडगोड लिहायचं, असा समज असेल तर तो या पुस्तकाने मोडतो. रोजचं म्हणजे ज्याचा रोज हिशोब ठेवावा लागतो ते.

दुसरं पुस्तक त्याहून शांत आहे आणि कमी वाचलं जातं. डॉ. सविता तथा माईसाहेब आंबेडकर यांचं ‘डॉ. आंबेडकरांच्या सहवासात’, १९९० सालचं. ‘जातिनिर्मूलन’ या १९३६ च्या भाषणात बाबासाहेबांनी जात मोडण्याचा खरा उपाय आंतरजातीय विवाह असल्याचं म्हटलं होतं. त्यानंतर १२ वर्षांनी, १५ एप्रिल १९४८ ला, दिल्लीत त्यांनी डॉ. शारदा कबीर यांच्याशी नोंदणी पद्धतीने लग्न केलं. त्या सारस्वत ब्राह्मण घरातल्या, पेशाने डॉक्टर. ओळख झाली ती बाबासाहेबांच्या आजारपणाच्या निमित्ताने.

भाषणातला तो उपाय घरात आल्यावर कसा दिसतो? मधुमेहाचं पथ्य, इन्सुलिन, पायांचं दुखणं, जागरणं, ग्रंथांच्या ढिगात बसलेल्या माणसाला जेवायला उठवणं. देशाची राज्यघटना, हिंदू कोड बिल, राजीनामा, नागपूरचं धर्मांतर, हा सगळा काळ या पुस्तकात एका घरातून दिसतो, आणि त्या घरातली एक व्यक्ती डॉक्टर आणि बायको अशी दोन्ही कामं करत असते. क्रांतीची गोष्ट वाचायला आलेल्याला हे किरकोळ वाटेल. पण जातीची भिंत ओलांडून आलेल्या दोन पोक्त माणसांनी एकमेकांसाठी रोज काय केलं, याची इतकी बारीक नोंद मराठीत दुर्मीळ आहे.

या घराचं बाहेरच्यांनी काय केलं? बाबासाहेब ६ डिसेंबर १९५६ ला गेले, आणि माईसाहेबांवर संशय घेतला गेला. चौकशीतून काही निघालं नाही, तरी त्या कितीतरी वर्षं चळवळीपासून दूर फेकल्या गेल्या. ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथासाठी बाबासाहेबांनी लिहिलेल्या ज्या प्रस्तावनेत पत्नीचं ऋण मान्य केलं होतं, ती प्रस्तावना पहिल्या छापील आवृत्तीत आलीच नाही. साडेआठ वर्षांचा संसार एका बाजूला, आणि एक मृत्यू दुसऱ्या बाजूला. लोकांनी मृत्यूवरून संसार वाचला.

शेवटावरून वाचण्याची खोड

हीच ती खोड, जिने ‘सैराट’ला खुनाचं नाव दिलं. आणि ती फक्त समीक्षेपुरती राहत नाही. आज एखाद्या घरात मुलगी म्हणाली की माझं अमक्यावर प्रेम आहे, आणि तो ‘आपल्यातला’ नाही, तर तिला समजावताना हाच सिनेमा वापरला जातो. बघितलंस ना काय झालं त्यांचं? जातीच्या हिंसेवर बोट ठेवणारा सिनेमा जातीची धमकी म्हणून फिरतो, याहून मोठा उलटा प्रवास कुठल्या कलाकृतीचा झाला असेल?

सरकारी कागदपत्रंही लग्नाच्या क्षणापुरतीच बोलतात. विशेष विवाह कायद्याखाली, म्हणजे दोघांचे धर्म वेगळे असतील तेव्हा जो रस्ता हमखास लागतो त्यावर, आधी ३० दिवसांची नोटीस द्यावी लागते, आणि ती कचेरीत लावली जाते. घरच्यांपासून लपून आलेल्या जोडप्यासाठी हे ३० दिवस काय असतात ते वेगळं सांगायला नको. आंतरजातीय लग्नासाठी महाराष्ट्रात ५० हजार रुपयांचं अर्थसाहाय्य आहे. तेही चांगलंच आहे. पण लग्नानंतर भाड्याची खोली कोण देणार, आडनाव विचारल्यावर काय सांगायचं, बाळंतपणाला कुणाची आई येणार, सणाला कुणाच्या घरची रीत, मुलाच्या शाळेच्या दाखल्यावर कोणती जात, हे प्रश्न ज्या त्या जोडप्याने एकट्याने सोडवायचे असतात. त्यांच्याकडे आधी झालेल्या संसारांच्या गोष्टी नसतात. असतात त्या पळण्याच्या आणि मरण्याच्या.

अशा जोडप्यांचे संसार चालूच आहेत. शहरातल्या सोसायट्यांत, तालुक्याच्या गावांत, कुणाच्या काका-काकूंच्या घरात. त्यांची गोष्ट होत नाही, कारण तिथे काही ‘घडत’ नाही. सासू पाच वर्षांनी पहिल्यांदा हातचं पाणी पिते, एवढीच घटना असते. मराठी लेखकांना आणि दिग्दर्शकांना ही घटना पुरेशी वाटायला हवी. ‘सैराट’ने दाखवलं की ती पुरते. कोट्यवधींची कमाई करणाऱ्या सिनेमाने जवळपास निम्मा वेळ एका झोपडीला दिला, आणि लोक बसून राहिले. कुरकुर करत का होईना, बसले.

२०१८ ला आलेल्या ‘धडक’शी तुलना केली तर हे अजून स्पष्ट होतं. हिंदी रूपांतराने गोष्ट उदयपूर आणि कोलकात्याला नेली, जात पुसट केली आणि घर गुळगुळीत केलं. शेवटही बदलला: तिथे नवरा आणि मूल मरतं, बायको उरते. धक्का तेवढाच जोरात बसेल याची सोय केली. पण धक्का बसला तरी दुखत नाही, कारण जे उद्ध्वस्त झालं ते आपण नीट बघितलेलंच नसतं.

‘सैराट’चा शेवट दुखतो. दारात रांगोळी आहे, आईने पाठवलेल्या वस्तू आल्यात, भाऊ बऱ्याच काळाने आलाय, आणि आर्ची घाबरलेली असूनही पाहुण्यांना चहा करते. त्या चहामागे कित्येक दिवस आहेत: न झोपलेल्या रात्री, शिकलेली भाषा, खाल्लेला मार, परत फिरलेली वाट, जमवलेले पैसे, नव्या फ्लॅटचं बघितलेलं स्वप्न. मारेकऱ्यांनी दोन माणसं मारली, आणि इतक्या कष्टाने उभं केलेलं एक घर बंद केलं. हे घर आपण पाहिलंच नाही, तर नेमकं काय गेलं हे आपल्याला कधीच कळणार नाही.

पुढच्या वेळी हा सिनेमा मोबाइलवर लावाल तेव्हा ‘झिंगाट’ पुढे ढकला, हरकत नाही. ते गाणं कुठल्याही वरातीत भेटेल. हैदराबादच्या स्टेशनपासून सुरू करा. आणि तिथे बघताना परश्या-आर्ची कशी मरतात याची वाट बघू नका. ती कशी राहतात ते बघा.